ओटीपी नेमका कशाचा?

सेवा केंद्राच्या टेबलामागे बसणाऱ्या माणसाला दिवसभरात जो प्रश्न सर्वांत जास्त वेळा विचारावा लागतो तो म्हणजे, आमच्या अहिराणीत, "ओटीपी उना का?" (आला का?) अमळनेरसारख्या तालुक्याच्या गावी शेतकरी ओळख क्रमांक असो, पीएम किसानचे ई-केवायसी असो, लाडकी बहीण योजनेची पडताळणी असो किंवा एखादा साधा दाखला असो, काम कोठे ना कोठे सहा आकड्यांपाशी येऊन थांबते आणि ते आकडे अर्जदाराच्या मोबाइलवरून माझ्या संगणकात आल्याशिवाय पुढचे पान उघडत नाही. दुसरीकडे बँका, पोलीस, दूरसंचार कंपन्या आणि मध्यंतरी फोन लावताच ऐकू येणारी ध्वनिफीतसुद्धा बजावत आली आहे की ओटीपी कोणालाही सांगू नका. माझ्यासमोरच्या खुर्चीवर बसलेला माणूस या दोन सूचनांच्या कात्रीत सापडलेला असतो. सकाळी गॅसवाल्याला आकडा सांगावा लागतो, दुपारी मला सांगावा लागतो, आणि संध्याकाळी एखाद्या अनोळखी माणसाने फोनवर विचारला तर मात्र सांगायचा नसतो. जो नियम रोजच्या कामापायी मोडावाच लागतो त्याचा धाक उरत नाही. म्हणून माझे स्पष्ट मत असे आहे की ओटीपी कोणाला सांगावा हा प्रश्न नंतरचा; तो कशाचा आहे हे आधी कळले पाहिजे, आणि ते कळण्याची सोय बहुतेक वेळा त्याच संदेशात केलेली असते.

ओटीपी म्हणजे एका कामापुरता, एकदाच आणि थोडाच वेळ चालणारा सांकेतिक आकडा. बँकेचा किंवा आधारचा सर्व्हर विशिष्ट कामासाठी ऐन वेळी एक आकडा तयार करतो, तो त्या कामाच्या नोंदीसोबत स्वतःजवळ ठेवतो आणि आपण पूर्वी नोंदवलेल्या मोबाइल क्रमांकावर एसएमएसने धाडतो. ठरलेल्या मुदतीत तोच आकडा परत आला तर काम पुढे सरकते, मुदत टळली की तो आकडा बाद होतो. आधारच्या ओटीपीची मुदत दहा मिनिटांची असते. सहा आकड्यांच्या दहा लाख जोड्या होतात. तेवढ्या चाचपून पाहणे यंत्राला अवघड नाही, पण काही चुकीच्या प्रयत्नांनंतर सर्व्हर पुढचे प्रयत्नच स्वीकारत नसल्यामुळे अंदाजाने ओटीपी शोधून काढणे व्यवहारात शक्य होत नाही. त्यामुळे चोर तो शोधत बसत नाहीत, ते तो आपल्याकडूनच घेतात.

माणसाची ओळख पटवण्याचे मुख्य मार्ग तीन मानले जातात: त्याला काय माहीत आहे, त्याच्यापाशी काय आहे आणि त्याचे शरीर काय सांगते. पासवर्ड आणि पिन पहिल्या गटात येतात, बोटाचा ठसा आणि चेहरा तिसऱ्या गटात. ओटीपी हा दुसऱ्या गटातला पुरावा आहे, कारण तो इतकेच सिद्ध करतो की नोंदवलेले सिम या घडीला तुमच्या हाताशी आहे. यातला कच्चा दुवा येथेच आहे. आकडा वाचता येतो, आणि जे वाचता येते ते फोनवर सांगताही येते. तुम्ही तो दुसऱ्याला सांगितला की तुमचे सिम काही क्षणांपुरते त्या दुसऱ्याच्या हाती गेल्यासारखे होते, कारण कळफलकावर बोटे कोणाची चालली हे सर्व्हरला दिसत नाही. आकडा बरोबर आला, एवढेच त्याला समजते.

ही कल्पना आपल्याला वाटते तेवढी नवी नाही. संगणकशास्त्रज्ञ लेस्ली लॅम्पोर्ट यांनी १९८१ मध्ये, तारेवरून जाणारा पासवर्ड कोणी मध्येच ऐकला तरी त्याचा पुन्हा उपयोग होऊ नये म्हणून दर वेळी नवा पासवर्ड वापरण्याची गणिती पद्धत मांडली होती. पुढे २००५ मध्ये मोजणीवर आधारलेल्या आणि २०११ मध्ये वेळेवर आधारलेल्या ओटीपीचे खुले मानक आले. वेळेवर आधारलेल्या प्रकारात एसएमएसची गरजच लागत नाही. सर्व्हर आणि आपला मोबाइल यांच्याकडे सुरुवातीलाच एक समान गुप्त किल्ली ठेवलेली असते, आणि दोघेही ती किल्ली व घड्याळ यांवरून, साधारणपणे दर तीस सेकंदांनी, एकच आकडा स्वतंत्रपणे काढतात. ऑथेंटिकेटर नावाची जी ॲप असतात ती याच तत्त्वावर चालतात. भारतात मात्र घराघरांत पोहोचला तो एसएमएसने येणारा ओटीपी, आणि त्यामागे रिझर्व्ह बँकेचा निर्णय आहे. कार्ड यंत्रात न घालता होणाऱ्या ऑनलाइन खरेदीसाठी कार्डावर छापलेल्या माहितीपलीकडचा आणखी एक पुरावा बँकेने घेतलाच पाहिजे, अशी सक्ती १ ऑगस्ट २००९ पासून लागू झाली. स्मार्टफोन तेव्हा आमच्याकडे नवलाईचे होते, साधे फोन मात्र घरोघर पोहोचू लागले होते, त्यामुळे तो दुसरा पुरावा म्हणून एसएमएस रूढ झाला. हा निर्णय चांगला होता असेच मी म्हणेन, कारण त्याआधी नुसता कार्डाचा क्रमांक आणि मागचे तीन आकडे हाती लागले तरी चोराचे भागत असे.

गोंधळ झाला तो नंतर, म्हणजे जो जो आकडा मोबाइलशी संबंधित आहे त्या प्रत्येकाला लोक सरसकट ओटीपी म्हणू लागले तेव्हा. गॅस सिलिंडर घेऊन आलेला माणूस चार आकडे मागतो, तो पोच दिल्याचा कोड असतो. सिलिंडर दारात उतरल्यावर तो सांगायचा असतो आणि सांगितल्याने तुमच्या खात्यातून काहीही जात नाही. पार्सलचा कोडही याच जातीचा, फक्त वस्तू हातात येण्यापूर्वी तो देऊ नये. ई-पीक पाहणीच्या ॲपमध्ये शेतकऱ्याला चार आकडी सांकेतांक मिळतो, तो वेगळाच. तो ॲपमध्ये शिरण्यासाठी पुन्हा वापरता येतो, म्हणजे एकदाच चालणाऱ्या आकड्याची मूळ अटच त्याला लागू पडत नाही, तरी मका आणि कापसाची नोंद करायला आलेले लोक त्याला ओटीपीच म्हणतात. यूपीआयचा पिन तर मुळीच ओटीपी नाही. तो आपण स्वतः ठरवलेला, कायमचा आणि खात्यातून पैसे बाहेर काढण्यासाठीचा आकडा आहे. पैसे आपल्याकडे येत असतील तर तो टाकावा लागत नाही. तरीही "मी तुम्हाला पैसे पाठवतोय, फक्त तुमचा ओटीपी टाका" या वाक्याला माणसे फसतात, कारण ऐकणाऱ्याच्या मनात पिन आणि ओटीपी एकाच पिशवीत पडलेले असतात.

व्हॉट्सॲपचा सहा आकडी कोड हा आणखी एक प्रकार, आणि शिकलेली मंडळीसुद्धा याच्याकडे दुर्लक्ष करतात. एखाद्या ओळखीच्या माणसाच्या खात्यावरून संदेश येतो की माझा कोड चुकून तुमच्या नंबरवर आला आहे, तेवढा पाठवा. असा कोड मागितला जातो तेव्हा तो चुकून आलेला नसतो. कोणीतरी दुसऱ्या फोनवर तुमचा क्रमांक टाकून तुमचे व्हॉट्सॲप उघडू पाहत आहे, इतकाच त्याचा अर्थ असतो. ज्याच्या नावाने संदेश आला त्याचे खाते आधीच अशा रीतीने गेलेले असते. कोड दिला की तुमच्या फोनवरचे व्हॉट्सॲप बंद पडते आणि तुमच्या भाऊबंदांना तुमच्या नावाने "तातडीची गरज आहे, पैसे पाठवा" असे संदेश जाऊ लागतात. व्हॉट्सॲपच्या सेटिंगमध्ये दोन टप्प्यांची पडताळणी सुरू करून स्वतःचा पिन लावता येतो, म्हणजे नुसता कोड मिळूनही दुसऱ्याला पूर्ण प्रवेश मिळत नाही. हे काम दोन मिनिटांचे आहे आणि मी ते केंद्रात आलेल्या प्रत्येक तरुण मुलाला करायला लावतो, त्यांनी तोंड वाकडे केले तरी.

आता प्रत्यक्ष संदेशाकडे पाहू. बँकेच्या ओटीपीच्या संदेशात साधारणपणे आकडा, रक्कम, ज्याला पैसे जाणार त्या दुकानाचे किंवा कंपनीचे नाव, कार्डाचे किंवा खात्याचे शेवटचे काही अंक, मुदत आणि शेवटी कोणालाही न सांगण्याची सूचना इतक्या गोष्टी असतात. म्हणजे जे काम तुम्ही मंजूर करणार आहात त्याचे वर्णन तेथे लिहिलेले असते. आधारच्या संदेशात रक्कम नसते, पण तो आधारचा आहे आणि प्रमाणीकरणासाठी आहे हे लिहिलेले असते. हे न वाचता नुसता आकडा देणे म्हणजे कोऱ्या कागदावर अंगठा उठवणे आहे. आमच्याकडे सावकाराच्या चोपडीवरून ज्यांच्या जमिनी गेल्या त्यांच्या नातवंडांना याहून जास्त समजावून सांगण्याची गरज पडू नये.

पण वाचणार कसे? संदेश इंग्रजीत येतो. पातोंड्याच्या किंवा मारवडच्या साठीच्या पुढच्या माणसाला त्यातले फक्त अंक वाचता येतात, म्हणून तो अंक वाचतो; यात त्याचा दोष काय? जिल्ह्यातल्या बँका मराठीत पासबुक छापू शकतात, कर्जाच्या नोटिसा तर अगदी शुद्ध मराठीत येतात, मग ज्या एका ओळीवर माणसाची जमापुंजी अवलंबून आहे ती त्याच्या भाषेत का येऊ नये, हे मला अजून समजलेले नाही. इंग्रजी येणाऱ्यांची अवस्थाही फार बरी म्हणता येत नाही. हल्लीच्या फोनवर ओटीपी आला की वरच्या पट्टीत आकडा कॉपी करण्याचे बटण दिसते, कित्येक ॲप तर आकडा आपोआप भरून घेतात. सोय म्हणून हे उत्तम आहे, पण परिणाम असा झाला की संदेशातला आकडा तेवढा उचलला जातो आणि तो कशासाठी आहे हे सांगणारे वाक्य न वाचताच मागे राहते.

गेल्या कापसाच्या हंगामात केंद्रात एक बाई रांगेत बसल्या होत्या. कापसाचे पैसे घरात येण्याचे दिवस होते आणि त्यांचा फोन सारखा वाजत होता. पलीकडचा माणूस गोड मराठीत सांगत होता की अनुदान मंजूर झाले आहे, खात्री करण्यासाठी आलेला नंबर सांगा. त्यांनी फोन माझ्यापुढे धरून विचारले, "भाऊ, हाई काय शे, देखा बरं." संदेश उघडला तेव्हा त्यात अनुदानाचा उल्लेख नव्हता, एका ऑनलाइन दुकानात ९,९९९ रुपयांच्या खरेदीसाठीचा तो ओटीपी होता आणि कार्डाचे शेवटचे चार अंक त्यांच्याच कार्डाचे होते. मी तो संदेश मोठ्याने मराठीत वाचून दाखवला. त्यावर त्या इतकेच म्हणाल्या, "खरेदी? मी ते काहीच लिन्हं नही." पलीकडच्याने हे ऐकले आणि फोन ठेवला. त्या बाईंना ओटीपी म्हणजे काय याची व्याख्या कोणी शिकवलेली नव्हती. आपण खरेदी केली नाही एवढे ठाऊक असणे त्यांना पुरले.

या प्रसंगातून जो निकष हाती येतो तो मला "कोणालाही सांगू नका" यापेक्षा जास्त उपयोगी वाटतो. काम सुरू कोणी केले? अर्ज भरायला तुम्ही केंद्रात आलात, तुमच्या डोळ्यांसमोर तुमचा आधार क्रमांक टाकला गेला आणि लगेच संदेश आला, तर त्या आकड्याचा उगम तुमच्याच कामात आहे. तुम्ही शेतात बसलेले असताना, काहीही सुरू केलेले नसताना आकडा आला, तर काम दुसऱ्याने सुरू केले आहे, मग विचारणारा स्वतःला बँकेचा साहेब म्हणो, तलाठी म्हणो की पोलीस. खऱ्या बँकेला तुमच्याकडून ओटीपी विचारण्याचे कारणच नसते, कारण तो तिनेच तयार केलेला असतो. पाठवणाऱ्याच्या जागीही नजर टाकावी. नोंदणीकृत संस्थांचे संदेश दहा आकडी मोबाइल क्रमांकावरून न येता ठरलेल्या अक्षरी नावाने येतात, आणि २०२५ पासून त्या नावाच्या शेवटी जाहिरात, सेवा, व्यवहार की सरकारी संदेश हे दाखवणारे पी, एस, टी किंवा जी असे अक्षर जोडलेले असते. तरीही नाव खरे आहे म्हणून काम खरे आहे असे समजू नये. वरच्या प्रसंगातला संदेश खऱ्या बँकेकडूनच आला होता.

आता थोडे आमच्या धंद्याविषयी, कारण ओटीपी मागणाऱ्यांत आम्ही सर्वांत पुढे आहोत. खानदेशातली पुष्कळ माणसे पोटासाठी सुरतेत, उधन्यात आहेत, आणि घरातल्या सगळ्यांच्या आधारला त्यांचाच मोबाइल क्रमांक जोडलेला असतो, कारण आधार काढले तेव्हा घरात तेवढा एकच फोन होता. परिणामी अर्ज अमळनेरात भरला जातो आणि ओटीपी सुरतेत जातो. "पोऱ्या सुरतले शे, त्याले फोन लावस," असे म्हणून आजी फोन लावतात, तिकडे मुलगा यंत्रमागावर असतो, यंत्रांच्या खडखडाटात त्याला ऐकू जात नाही, तो बाहेर येऊन आकडे वाचतो, आजी ते मोठ्याने उच्चारतात, रांगेतली सगळी मंडळी ऐकतात, आणि तोवर दहा मिनिटे उलटून गेलेली असतात. लाडकी बहीण योजनेच्या २०२५ मधल्या ई-केवायसीत महिलेच्या आधारसोबत पतीच्या किंवा वडिलांच्या आधारचाही ओटीपी लागत होता, त्या दिवसांत तर हा प्रकार सकाळपासून दिवेलागणीपर्यंत चालू असे. यात कोणी कोणाला फसवत नाही, हे खरे. पण फोनवर ओटीपी मागणे आणि सांगणे ही घरातली नित्याची गोष्ट होऊन बसते, आणि उद्या "मी सुरतहून तुमच्या मुलाचा मित्र बोलतोय" असे म्हणणाऱ्याचे काम सोपे होते. आधारला स्वतःचा क्रमांक जोडून घ्या, हे मी म्हणूनच प्रत्येकाला सांगतो. आधार केंद्रात स्वतः जाऊन, ठसे देऊन आणि किरकोळ शुल्क भरून ते करता येते.

याहून वाईट एक पद्धत आमच्याच व्यवसायात रुजली आहे आणि ती झाकून ठेवण्यात अर्थ नाही. ग्राहकाकडे फोन नसला किंवा त्याला घाई असली की काही केंद्रचालक अर्जात स्वतःचाच मोबाइल क्रमांक टाकतात. त्या दिवशी काम पटकन होते. पुढे मात्र त्या अर्जाचे, त्या खात्याचे आणि त्या योजनेचे सगळे ओटीपी चालकाच्या फोनवर येत राहतात आणि लाभार्थ्याला त्याचा पत्ता नसतो. चालक प्रामाणिक असला तरी हे चूक आहे, कारण त्याचे सिम बदलले, फोन हरवला किंवा केंद्र बंद पडले तर त्या माणसाने कोणाकडे जायचे? मी असा क्रमांक टाकत नाही, आणि त्यामुळे काही गिऱ्हाईक शेजारच्या केंद्रात जाते, ते जाऊ द्यावे लागते. ग्राहकांनी आपल्या बाजूने इतके करावे की संगणकाचा पडदा दिसेल असे बसावे, एका कामासाठी दोन ओटीपी मागितले तर दुसरा कशाचा ते विचारावे, आणि फोन टेबलावर सोडून चहाला जाऊ नये.

आतापर्यंत जे लिहिले ते ओटीपी सांगण्याविषयी. अलीकडे न सांगताही तो जातो. लग्नपत्रिका, वाहनाचे चलन, पीएम किसानचा हप्ता किंवा बँकेची केवायसी अशा नावांनी व्हॉट्सॲपवर एपीके प्रकारच्या फाइली फिरतात. पत्रिका हे चित्र असते किंवा पीडीएफ असते. एपीके म्हणजे फोनमध्ये बसणारे आख्खे ॲप. ते उघडताना एसएमएस वाचण्याची परवानगी मागितली जाते, आपण घाईत होकार देतो, आणि त्यानंतर येणारा प्रत्येक ओटीपी गुपचूप दुसरीकडे पोहोचतो. लग्नसराईत हे जास्त चालते, कारण खानदेशात पत्रिका न उघडणे म्हणजे भाऊबंदांचा अपमान. म्हणून पाठवणाऱ्याला आधी फोन करावा, हे मी आग्रहाने सांगतो. त्याला बहुधा आपल्या फोनवरून असे काही गेले याची खबरही नसते.

दुसरा मार्ग कॉल वळवण्याचा. पार्सलवाला म्हणून बोलणारा माणूस स्टार, ४०१, पुन्हा स्टार आणि एक मोबाइल क्रमांक दाबायला सांगतो. दाबले की तुमचे येणारे कॉल त्या क्रमांकावर वळतात, आणि जे ओटीपी आवाजी कॉलने सांगितले जातात ते तिकडे ऐकू येतात. दूरसंचार विभागाने १५ एप्रिल २०२४ पासून असे आकडे दाबून कॉल वळवण्याची सेवा थांबवण्याचे आदेश कंपन्यांना दिले. तिसरा मार्ग सिमच बदलून घेण्याचा. तुमच्या नावाची खोटी कागदपत्रे देऊन तुमच्या क्रमांकाचे नवे सिम काढले की तुमचा फोन अचानक मुका होतो आणि ओटीपी नव्या सिमवर जातात. याला आळा बसावा म्हणून सिम बदलल्यानंतर चोवीस तास एसएमएस बंद ठेवण्याचा आणि १ जुलै २०२४ पासून सात दिवस क्रमांक दुसऱ्या कंपनीत नेता न येण्याचा नियम आहे. रेंज असलेल्या जागी तुमच्या एकट्याच्या फोनला नेटवर्क नसेल तर ते टॉवरच्या माथी मारून स्वस्थ बसू नका, दुसऱ्या फोनवरून कंपनीला विचारा.

पैसे गेलेच तर पहिला फोन १९३० या राष्ट्रीय मदत क्रमांकावर करायचा, त्याच दमात बँकेला कळवायचे, आणि सायबर गुन्ह्यांच्या राष्ट्रीय पोर्टलवर तक्रार नोंदवायची. पैसे चोराच्या खात्यातून पुढच्या खात्यात आणि तेथून रोखीत जाण्यापूर्वी ते गोठवता आले तर परत मिळण्याची आशा असते, म्हणून येथे तासांना किंमत आहे. हाताशी व्यवहार क्रमांक, रक्कम, वेळ आणि आपल्या बँकेचा तपशील ठेवावा. पुष्कळ लोक आधी घरात कोणाला सांगायचे की नाही याचा विचार करत रात्र घालवतात, आणि त्यातच ती आशा संपते. रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकात म्हटले आहे की बँकेची किंवा ग्राहकाची चूक नसताना तिसऱ्याच ठिकाणच्या त्रुटीमुळे पैसे गेले आणि ग्राहकाने बँकेची सूचना मिळाल्यापासून तीन कामकाजाच्या दिवसांत कळवले, तर त्याच्यावर काहीही जबाबदारी येत नाही. ग्राहकाने स्वतः गुप्त माहिती दिली असेल तर मात्र बँकेला कळवेपर्यंतचे सगळे नुकसान त्याचे, आणि कळवल्यानंतरचे बँकेचे. ग्राहकाचा दोष होता हे सिद्ध करण्याची जबाबदारीही त्यात बँकेवरच टाकली आहे. सहकारी बँकांसाठी त्याच वर्षीच्या डिसेंबरात असेच परिपत्रक निघाले. शाखेत गेल्यावर पहिला प्रश्न येतो, "तुम्ही ओटीपी सांगितला होता का?" हा प्रश्न सहज विचारल्यासारखा वाटतो, पण जबाबदारी कोणाची हे त्याच्या उत्तरावर ठरू शकते, म्हणून जे घडले ते तसेच, आणि लेखी सांगावे. एपीकेने आकडा आपोआप गेला असेल तर "सांगितला" असे घाबरून कबूल करू नये.

एसएमएसच्या ओटीपीवरचा विश्वास जगभरात ओसरू लागला आहे. अमेरिकेच्या मानक संस्थेने २०१७ च्या मार्गदर्शक तत्त्वांतच दूरध्वनीच्या जाळ्यावरून येणाऱ्या अशा आकड्यांना मर्यादित विश्वासाच्या गटात टाकले होते. आपल्याकडे रिझर्व्ह बँकेने सप्टेंबर २०२५ मध्ये नवे निर्देश काढले आणि त्यांच्या अंमलबजावणीसाठी १ एप्रिल २०२६ ही तारीख ठरवली. त्यांत दोन पुराव्यांची अट कायम आहे, त्यांपैकी किमान एक त्या व्यवहारापुरताच तयार झालेला असला पाहिजे, पण तो एसएमएसचाच हवा असे नाही. एसएमएसचा ओटीपी बंद झाला अशी जी आवई उठते ती खोटी आहे. इतर मार्ग मोकळे झाले आहेत, इतकेच. त्यांपैकी पासकी नावाचा प्रकार मला तत्त्वतः सर्वांत पक्का वाटतो, कारण त्यात वाचून दाखवण्याजोगा आकडाच नसतो. गुप्त किल्ली वापरणाऱ्याच्याच ताब्यात राहते, मूळ संकेतस्थळाशी बांधलेली असते, आणि त्यासारखे दिसणारे बनावट पान उघडले तर ती चालतच नाही.

मात्र पासकीला सहसा स्वतःचा स्मार्टफोन लागतो, आणि माझ्या रांगेत तो सर्वांकडे नसतो. बोटाचा ठसा हा उपाय कागदावर चांगला दिसतो; पण कापूस वेचणाऱ्या, केळीच्या बागेत राबणाऱ्या आणि भट्टीवर विटा पाडणाऱ्या माणसांच्या बोटांच्या रेषा झिजलेल्या असतात, यंत्र त्यांना ओळखत नाही, आणि आम्ही बोट पुसून, थोडे तेल लावून, मग दुसरे बोट ठेवून पाहत राहतो. पीएम किसानच्या ॲपमध्ये जून २०२३ पासून चेहरा दाखवून ई-केवायसी करता येते, आणि माझ्या पाहण्यात वयस्कर शेतकऱ्यांसाठी तीच सोय सर्वांत जास्त चालली आहे. सुरतेला फोन लावावा लागत नाही, ठसा उमटण्याची वाट पाहावी लागत नाही; जिभाऊंना फक्त टोपी थोडी मागे सरकवून उजेडात बसायला आणि सांगितल्यावर डोळ्यांची उघडझाप करायला सांगावे लागते. बँकेच्या व्यवहारांत ही सोय आमच्या गावापर्यंत येईतोवर मी संदेश मोठ्याने मराठीत वाचून दाखवतो, आणि आकडा त्यानंतर मागतो.